मुख्य भूमिकेच्या शेजारी

बैठक

संध्याकाळ असेल तर उत्तम. शेतावरची माणसं परतलेली असतात, जनावरांपुढं वैरण पडलेली असते आणि रात्रीच्या भाकरीला अजून थोडा अवकाश असतो. ओट्यावर बसा, गच्चीवर बसा, नाहीतर खिडकीशी. पाठ भिंतीला टेकवली तरी चालेल. डोळे मिटायची सक्ती नाही. हे मनन सावकाश वाचायचं आहे. एक भाग वाचून थांबलात आणि उरलेलं उद्यावर ठेवलंत तरी काही बिघडत नाही. घनसावंगी तालुक्यातल्या जांबसमर्थ गावी जन्मलेल्या रामदासांनी श्रवणाइतकंच मननालाही महत्त्व दिलं. आपण आज ऐकलेलं कमी आणि पाहिलेलं जास्त मनात घोळवणार आहोत.

मनात धरायचं आहे एका अभिनेत्रीचं काम. रोहिणी हट्टंगडी. माहेरच्या ओक, पुण्याच्या. दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात इब्राहिम अल्काझींच्या हाताखाली शिकून त्या १९७४ साली बाहेर पडल्या. अंबडच्या किंवा परतूरच्या एखाद्या बाईला विचारलं तर नाव चटकन आठवेल न आठवेल, चेहरा मात्र ती ओळखेल. 'चार दिवस सासूचे'मधल्या आशा देशमुख. 'होणार सून मी ह्या घरची'मधल्या आईआजी. घरातल्या थोरल्यांना 'सारांश' आठवेल, आणि ज्यांनी 'गांधी' पाहिला आहे त्यांना कस्तुरबा.

आता त्यांच्या तीन पुरस्कारांना एका ओळीत ठेवा. कस्तुरबांच्या भूमिकेसाठी १९८३ साली ब्रिटिश अकादमीचा बाफ्टा. 'अर्थ'मधल्या मोलकरणीसाठी फिल्मफेअर. 'पार्टी'मधल्या मोहिनी बर्वेसाठी राष्ट्रीय पुरस्कार. इंग्लंडच्या रंगभूमीवर आणि पडद्यावर हयात घालवणाऱ्या अभिनेत्रींनी ज्याची वाट पाहावी, तो बाफ्टा पुण्याच्या मुलीकडं आला. तिन्ही पुरस्कारांचा प्रकार एकच होता: सहायक अभिनेत्री. कथा कुणा दुसऱ्याची, आणि ही त्याच्या शेजारची बाई.

या बैठकीत तेवढंच पाहायचं आहे. शेजारच्या बाईकडं पूर्ण लक्ष दिलं, तर काय दिसतं? उत्तराची घाई नको. श्वास जसा चालला आहे तसा चालू द्या.

हात

पहिल्यांदा हात.

'गांधी'चं चित्रीकरण नोव्हेंबर १९८० मध्ये सुरू झालं आणि मे १९८१ मध्ये संपलं. त्याच मे महिन्याच्या पहिल्या तारखेला औरंगाबाद आणि परभणी जिल्ह्यांतले तालुके काढून जालना जिल्हा झाला. आपला जिल्हा आणि तो चित्रपट एकाच हंगामातले आहेत.

त्या हंगामात गांधी झालेले बेन किंग्जली आणि रोहिणीताई, दोघांनाही चरख्यावर सूत कातायला शिकावं लागलं. हे शिकणं कसं असतं ते डोळ्यांसमोर आणा. उजव्या हातानं चाक फिरवायचं. डाव्या हातात पेळू धरायचा आणि चातीपासून अलगद मागं न्यायचा. हात जरा जोरात गेला की धागा तुटतो. मागं राहिला की पीळ जास्त बसतो आणि धाग्याला गाठी येतात. दोन हातांच्या दोन वेगळ्या गती, आणि त्यांचा मेळ डोक्यानं घालता येत नाही. तो हातांनाच सापडावा लागतो. शिवाय पडद्यावरची बाई कातताना बोलते, ऐकते, रागावते. तिचं लक्ष धाग्याकडं असून चालत नाही. आयुष्यभर कातलेल्या बाईचे हात आपोआप चालतात, आणि ते 'आपोआप' उसनं आणायला दिवसेंदिवस बसावं लागतं.

आता आपल्याकडच्या हातांकडं या. १९६४ साली बद्रीनारायण बारवाल्यांनी जालन्यात महिको ही कंपनी उभी केली, आणि बियाण्यांसाठी या गावाचं नाव देशभर झालं. संकरित बी तयार होतं ते हातांनी. सीड प्लॉटमध्ये बाया दुपारनंतर उद्या उमलणारी कपाशीची कळी शोधतात. नखानं पाकळ्या सोलतात, आतला पुंकेसर काढतात, स्त्रीकेसराला धक्का लागू देत नाहीत. दुसऱ्या दिवशी सकाळी नरफुलाचा पराग त्यावर फिरवायचा. याला सगळे क्रॉसिंग म्हणतात. नख जरा खोल गेलं की बोंड गेलं. हंगामभर, ओळीमागून ओळ, वाकून. पोत्यावर कंपनीचं नाव असतं आणि वाणाचा क्रमांक असतो.

अभिनेत्री जे कष्टानं उसनं घेते, ते या बायांच्या हातांत आधीपासून आहे.

इथं थांबा. तुमच्या ओळखीच्या एका बाईचे हात आठवा: आई, आजी, चुलती, सासू, शेतावर येणारी मजूर. चेहरा नको, फक्त हात. नखं कशी आहेत? कुठल्या बोटाला घट्टा आहे? दोन्ही हात रिकामे असतात तेव्हा ती ते कुठं ठेवते? आठवत नसेल तर तीही एक नोंदच आहे. उद्या पाहता येईल.

पाठ

आता पाठ.

कस्तुरबा वारल्या तेव्हा त्या ७४ वर्षांच्या होत्या. दक्षिण आफ्रिकेतल्या तरुण बायकोपासून पुण्याच्या आगाखान महालातल्या त्या अखेरच्या दिवसापर्यंत, जवळजवळ अर्ध्या शतकाचं आयुष्य रोहिणीताईंना अंगावर वागवायचं होतं, आणि त्या स्वतः तिशीच्या आसपास होत्या. दोघींची जन्मतारीख एकच, ११ एप्रिल.

तरुण माणसानं म्हातारं होणं म्हणजे केसांना पांढरा रंग लावणं, अशी आपली समजूत असते. पण म्हातारपण प्रत्येकाच्या शरीरात वेगळ्या जागी आधी येतं. कुणाचा गुडघा धरतो, कुणाची मान पुढं येते. कुणी उठताना आधी हात टेकायची जागा शोधतं आणि मग उठतं. ज्या बाईनं जन्मभर खाली बसून दळण, निवडणं, कातणं केलं, तिची पाठ एका तऱ्हेनं वाकते; जिनं डोक्यावर हंडे वाहिले, तिची मान ताठ राहते आणि कंबर जाते. पाठीवर कामाचा इतिहास लिहिलेला असतो, आणि अभिनेत्रीला तो वाचता यावा लागतो.

रोहिणीताई दिल्लीत शिकत होत्या ती वर्षं १९७१ ते १९७४. त्यांच्या तालमीत सगळ्या तऱ्हेची शरीरं होती. शोझो सातो यांच्याकडं जपानी काबुकी, शिवराम कारंतांकडं कर्नाटकातलं यक्षगान. पुरुषांनीच करायच्या म्हणून चालत आलेल्या या दोन्ही रंगशैली. पाय कसा टाकायचा, वजन कुठं पेलायचं, मान किती वळवायची, हे सगळं मुळापासून नव्यानं शिकायचं होतं.

त्याच वर्षांतलं १९७२ चं साल मराठवाड्यात दुष्काळाचं. पाऊस गेला, ज्वारी गेली, विहिरी तळाला गेल्या. बाया दुष्काळी कामावर खडी फोडायला बसल्या, पाझर तलावावर मातीची घमेली वाहिली, मुलांना सुकडी खायला मिळाली, घरी लाल मिलोच्या भाकरी झाल्या. तेव्हा वीस वर्षांची असलेली बाई आज सत्तरी ओलांडून गेली आहे. ती अजून तुमच्या गल्लीत असेल. तिची पाठ जिथं वाकली आहे, तिथं ते साल आहे.

श्वास घेताना आपल्या स्वतःच्या पाठीकडं लक्ष न्या. ती कशानं घडली? दुकानाच्या गल्ल्यावर बसून, स्टीलच्या कारखान्यात उभं राहून, मोसंबीच्या बागेत वाकून, की मोटारसायकलवर खड्ड्यांच्या रस्त्यानं? आणि तुमच्या बालपणी तुम्हाला जिनं उचललं, तिच्या पाठीचा किती भाग तुमच्या वजनाचा आहे? हा प्रश्न अपराधी वाटण्यासाठी विचारलेला नाही. पाहण्यासाठी विचारला आहे.

राग

शेजारच्या बाईला राग येतो, हे आपण पटकन विसरतो.

'गांधी'मध्ये दक्षिण आफ्रिकेतल्या आश्रमाचा प्रसंग आहे. आश्रमात सगळ्यांनी पाळीपाळीनं संडास साफ करायचा, असा नेम. कस्तुरबा नकार देतात. मोहनदास चिडतात, तिला दंडाला धरून दाराकडं ओढतात. ती त्यांना विचारते की, तुम्हाला काही लाज आहे की नाही, मी इथं परक्या मुलखात कुठं जाऊ. ते भानावर येतात. या प्रसंगाला गांधींच्या आत्मकथेचाच आधार आहे. तो त्यांनी स्वतः लपवला नाही.

प्रसंग पाहताना आपलं मन सवयीनं त्याच्याकडं जातं: थोर माणूस आपल्या चुकीतून कसा शिकला. या वेळी मन तिच्यापाशी ठेवा. तिची बाजू साधी नाही. तिच्या नकारात जातीचे जुने संस्कार आहेत, आणि ते चुकीचे आहेत. तिच्या रागात मात्र स्वाभिमान आहे, आणि तो खरा आहे. दोन्ही एकाच वेळी एकाच चेहऱ्यावर. रोहिणीताईंनी तिला बिचारी केलं नाही आणि देवीही केलं नाही. तिच्यावर प्रेम करणाऱ्या माणसाच्या डोळ्यांत पाहून ती विचारते, आणि तिथं तो चरित्रनायक क्षणभर लहान होतो. शेजारची बाई नीट उभी राहिली की कथेचा तोल बदलतो.

'गांधी' प्रदर्शित झाला त्याच वर्षी आलेल्या महेश भट्टांच्या 'अर्थ'मध्ये एक मोलकरीण आहे. चित्रपट शबाना आझमींच्या पूजाचा: नवऱ्यानं सोडलेली सुशिक्षित बाई आपल्या पायावर कशी उभी राहते, त्याची गोष्ट. घरकाम करणारी बाई मात्र मुलीला चांगल्या शाळेत घालायचं म्हणून पैसा पैसा जमवते. दारुडा नवरा ते पैसे नेतो, उडवतो. ती त्याला मारून टाकते. पोलिसांच्या हवाली होते. तिची मुलगी पूजाकडं राहते.

ही कथा भोकरदन-जाफराबादच्या कुठल्याही गावात समजावून सांगावी लागणार नाही. फीचे पैसे डब्यातून, गादीखालून, देवघराच्या मागून जाणं इथं बायांना माहीत आहे. दारूबंदीसाठी आडवी बाटली करायला मतदानाच्या रांगेत उभं राहायची वेळ महाराष्ट्रातल्या कितीतरी गावांतल्या बायांवर आली, ती यातूनच. चित्रपटात त्या मोलकरणीला मोजकाच वेळ आहे. पण ती पडद्यावर येते तेव्हा तिच्या मागं तिचं पूर्ण आयुष्य उभं असतं: पहाटेचं उठणं, चार घरची भांडी, शाळेच्या गणवेशाचं स्वप्न. ते कुठल्याही संवादात सांगितलेलं नाही. अभिनेत्रीनं ते स्वतःपुरतं ठरवलेलं असतं, म्हणून ते दिसतं.

थांबा. तुमच्या घरात जिच्या रागाची कधी नीट चौकशी झाली नाही, अशी बाई कोण? ती भांडी आदळते, गप्प बसते, जेवत नाही. घरातले म्हणतात, तिचा स्वभावच तसा. तो स्वभाव आहे, की कुणी न विचारलेला एखादा प्रश्न आहे?

सोडून दिलेलं

'पार्टी' हा गोविंद निहलानींचा १९८४ चा चित्रपट, महेश एलकुंचवारांच्या नाटकावरून. एका रात्रीची मेजवानी. साहित्यिक, कलावंत, समाजातली मोठी माणसं. दिवाकर बर्वे या लेखकाला पुरस्कार मिळाला आहे, त्याचा सोहळा. त्याची बायको मोहिनी. ती एके काळी रंगभूमीवरची अभिनेत्री होती, आता काम करत नाही. हातात पेला असतो. सहायक अभिनेत्रीसाठी राष्ट्रीय पुरस्कार याच वर्षीच्या चित्रपटांपासून सुरू झाला, आणि पहिला मोहिनीला, म्हणजे रोहिणीताईंना मिळाला.

रंगभूमी न सोडलेल्या अभिनेत्रीनं रंगभूमी सोडलेल्या अभिनेत्रीचं काम केलं. स्वतःचं जे झालं नाही, पण सहज होऊ शकलं असतं, ते पूर्ण मनानं जगून दाखवायचं होतं. रोहिणीताईंचे पती जयदेव हट्टंगडी हे त्यांच्याच नाट्य विद्यालयातले, दिग्दर्शक. त्यांनी बसवलेल्या 'चांगुणा'मध्ये त्या उभ्या राहिल्या. स्पॅनिश नाटककार लोर्काच्या 'येर्मा'चं ते आरती हवालदारांनी केलेलं मराठी रूप. मूल होत नाही म्हणून आतून जळत जाणाऱ्या गावाकडच्या बाईची ती कहाणी. स्पेनच्या कोरड्या माळावर लिहिलेली बाई मराठी खेड्यात आली आणि परकी वाटली नाही. वांझ म्हणून हिणवलेली बाई आणि पावसाविना पडलेलं रान, दोन्ही आपल्याकडं घरचंच दुःख.

घरातून, नवऱ्याकडून कामाला बळ मिळालं तर बाई चांगुणा करते. बळ मिळालं नाही तर तीच बाई मोहिनी होते. दोघींच्या अंगच्या गुणात फरक नसतो.

हे जालना जिल्ह्यात बसून समजणं सोपं आहे. २०१२ साली 'शिवाजी अंडरग्राउंड इन भीमनगर मोहल्ला' हे नाटक रंगमंचावर आलं. लेखक राजकुमार तांगडे, जांबसमर्थचे. दिग्दर्शन नंदू माधव यांचं, संकल्पना आणि संगीत संभाजी भगत यांचं. शेतात काम करणारे, गावाकडचे नट मुंबई-पुण्याच्या मंचावर उभे राहिले. जिल्ह्यातल्याच कैलास वाघमारेंचं नाव त्यातून महाराष्ट्रभर झालं. अभिनय ही दूरच्या शहरातली चीज आहे, हा समज त्या दिवसांत जालन्यानं मोडला. पण त्याच गावांत शाळेच्या स्नेहसंमेलनात ज्या मुली धीटपणानं बोलायच्या, त्यांतल्या कितीजणी लग्नानंतर कुठल्या मंचावर चढल्या? त्यांचे पाठ केलेले संवाद कुठं गेले?

आपल्या आईला किंवा आजीला काय येत होतं, ते आठवा. जात्यावरच्या ओव्या रचता येत होत्या? भारुडात सोंग काढता येत होतं? हिशोब तोंडी करता येत होता? चित्र, शिवण, भाषण? तिनं ते कधी सोडलं? कुणी सोडायला लावलं की वेळच उरला नाही? तुम्हाला माहीत नसेल तर हा प्रश्न आज रात्री विचारता येण्यासारखा आहे.

सुरकुत्या

१९८४ सालीच 'सारांश' आला. शिवाजी पार्कला राहणारे निवृत्त मुख्याध्यापक बी. व्ही. प्रधान आणि त्यांची पत्नी पार्वती. न्यूयॉर्कला शिकायला गेलेला एकुलता एक मुलगा तिथं मारला गेला. त्याच्या अस्थी मिळवण्यासाठी बापाला कस्टम्सच्या कचेरीत टेबलामागून टेबल हिंडावं लागतं. घरात भाडेकरू म्हणून आलेल्या मुलीला दिवस गेलेले असतात, आणि पार्वतीच्या मनात एक आशा रुजते की आपला मुलगाच परत येतो आहे.

प्रधान झालेले अनुपम खेर तेव्हा तिशीचेही नव्हते. रोहिणीताईही तरुणच. दोन तरुण माणसं म्हातारं नवरा-बायको झाली, आणि पाहणाऱ्यांना ती म्हातारीच वाटली. शेवटी प्रधान बायकोला म्हणतात की, तिच्या चेहऱ्यावरच्या सुरकुत्यांत त्यांच्या आयुष्याचा सारांश आहे. ज्या सुरकुत्यांबद्दल ते बोलतात त्या रंगभूषेच्या आहेत. तरी वाक्य खोटं पडत नाही, कारण पार्वतीच्या डोळ्यांत त्या सुरकुत्यांना लागणारी सगळी वर्षं आहेत.

पार्वतीची आशा वेडी आहे, हे प्रेक्षकाला कळतं. रोहिणीताई तिला वेडी म्हणून दाखवत नाहीत. मूल गमावलेल्या आईला ती आशा किती रास्त वाटते, ते त्या दाखवतात. मग प्रधानांनी तिला सत्य सांगणं हे किती अवघड काम आहे, तेही समजतं. नायकाचं मोठेपण उभं राहतं ते तिच्या खऱ्या दुःखाच्या जमिनीवर.

१९९० च्या 'अग्निपथ'मध्ये त्या विजय दीनानाथ चव्हाणची आई झाल्या. पडद्यावरचा मुलगा, अमिताभ बच्चन, वयानं त्यांच्याहून मोठा. मुलाच्या हातावरचं रक्त तिला दिसतं आणि ती त्याला जवळ करत नाही. आई असल्यामुळंच ती त्याला माफ करू शकत नाही. वयाचा हिशेब उलटा असूनही त्या नात्यावर कुणी शंका घेतली नाही.

चित्रपटांच्या जगात तरुण अभिनेत्रीनं आईचं काम घेतलं की तिचे नायिकेचे दिवस संपले, असं मानतात. रोहिणीताईंनी ती भूमिका आधीच घेतली आणि त्यातून पन्नास वर्षांची वाट काढली. ज्या वयाला सगळे टाळतात त्या वयात त्या स्वतःहून शिरल्या, तिथं काय आहे ते पाहून आल्या, आणि पुढं खरंच ते वय आलं तेव्हा त्यांच्याकडं काम होतं.

आपल्या वयाकडं पाहा. पुढचं वय तुम्हाला कुणाच्या चेहऱ्यावर दिसतं? त्या चेहऱ्याकडं तुम्ही पाहता, की नजर चुकवता? आज थोडा वेळ त्या माणसाच्या वयात बसून पाहा: सकाळी उठताना काय दुखतं, दुपारी कुणाची वाट असते, रात्री कशाची काळजी असते.

रोजचं

२००१ ते २०१३, बारा वर्षांच्या आसपास, 'चार दिवस सासूचे' चालली. तीन हजारांहून जास्त भाग. त्याच काळात मराठवाड्यातल्या गावांत भारनियमन होतं. मालिका सुरू असताना वीज जायची, आणि दुसऱ्या दिवशी धुणं धुताना, निंदायला जाताना एकीनं दुसरीला राहिलेली गोष्ट सांगायची. आशा देशमुख ही अशी तोंडोतोंडी पूर्ण झालेली बाई आहे.

मालिकांना हसणं सोपं असतं. पण बाफ्टा मिळवलेल्या अभिनेत्रीनं इतकी वर्षं रोज एका सासूचं काम करणं, यात शिकण्यासारखं खूप आहे. नाटकात तालमीला महिना मिळतो. चित्रपटात एका प्रसंगाला दिवस मिळतो. मालिकेत संवाद हातात पडतात आणि उभं राहायचं असतं. प्रसंग पुन्हा पुन्हा तेच येतात: जेवणाचं टेबल, जिना, देवघर, आजारपण, संशय, समेट. तरी प्रत्येक वेळी समोरच्याचं ऐकायचं असतं, पहिल्यांदा ऐकावं तसं.

घर चालवणाऱ्या बाईलाही हेच करावं लागतं. तीच भाकर, तोच चहा, तेच औषधाच्या गोळ्यांचं पाकीट सासऱ्यांच्या हातात देणं. तिच्याही वाट्याला तालीम नाही आणि सुट्टी नाही. फरक एवढाच, की अभिनेत्रीच्या रोजच्या कामाला मानधन असतं, नाव असतं, आणि पाहणारे असतात.

कागद

आता मननाच्या मुख्य जागी येऊ.

'गांधी'मधल्या अंत्ययात्रेच्या चित्रीकरणाला ३१ जानेवारी १९८१ रोजी दिल्लीत तीन लाखांहून जास्त माणसं जमली होती. कस्तुरबांचा मृत्यू मात्र एका खोलीत आहे, मोजक्या माणसांत. तो पुण्याच्या आगाखान महालातच चित्रित झाला, जिथं त्या २२ फेब्रुवारी १९४४ रोजी, महाशिवरात्रीला, खरोखर वारल्या. तिथंच त्यांची समाधी आहे. एक दृश्य गर्दीचं, एक खोलीचं. ज्यांनी चित्रपट पाहिला आहे त्यांना विचारा, डोळ्यांत पाणी कुठल्या दृश्याला आलं. पुष्कळजण खोलीचं नाव घेतील.

असं का होतं? मला वाटतं, आतून कुणीच सहायक नसतं. पुरस्काराचा प्रकार बाहेरून ठरतो; कथा कुणाची, यावरून. कस्तुरबांना स्वतःचं आयुष्य शेजारचं वाटत नव्हतं. मोलकरणीला तिची मुलगी हीच गोष्ट होती. पार्वतीच्या दुःखात नवरा तिच्या शेजारी होता. रोहिणी हट्टंगडींच्या साऱ्या कामाचं बळ इथं आहे: त्यांनी कुठल्याही बाईला तिच्या स्वतःच्या आयुष्यात दुय्यम होऊ दिलं नाही.

जालन्याच्या रानात आज पाहा. कापूस वेचणारी, निंदणारी, सीड प्लॉटमध्ये क्रॉसिंग करणारी, ऊसतोडीला नवऱ्याबरोबर कोयता घेऊन जाणारी बाई असते. विचारलं तर घरचे सांगतात, ती शेतात मदत करते. सातबाऱ्यावर नाव त्याचं. पीककर्ज त्याला. शेतकरी म्हटलं की मनात चित्र त्याचं. आणि तो गेला, कर्जानं किंवा आजारानं, की कागदावर कधीच नसलेली ही बाई एका दिवसात सगळ्या कर्जाला, मुलांना, बियाण्याला एकटी उत्तर द्यायला उभी असते. त्या दिवशी तिला कुणी सहायक म्हणत नाही.

शरद जोशींच्या शेतकरी संघटनेनं लक्ष्मीमुक्तीचा कार्यक्रम घेतला तो हे ओळखून: शेतकऱ्यानं आपल्या जमिनीचा तुकडा बायकोच्या नावे करावा. पुढं शासनानंही त्या नावाची योजना आणली. नवऱ्यानं अर्ज दिला तर पत्नीचं नाव सहहिस्सेदार म्हणून सातबाऱ्यावर लागू शकतं.

उठताना

हळूहळू हातपाय मोकळे करा. घरातले आवाज पुन्हा कानावर घ्या.

पुढचे सात दिवस एक काम करा. घरातली एक बाई निवडा आणि तिचं काम उद्या तुम्हाला मंचावर करायचं आहे, असं समजून तिच्याकडं पाहा. पहिल्या दिवशी तिचे हात. दुसऱ्या दिवशी तिची चाल आणि पाठ. तिसऱ्या दिवशी तिचा आवाज: कुणाशी बोलताना चढतो, कुणाशी बोलताना बारीक होतो. चौथ्या दिवशी ती काय खाते, आणि केव्हा. पाचव्या दिवशी तिला कशाचा राग येतो. सहाव्या दिवशी तिनं काय सोडून दिलं, ते तिलाच विचारा आणि मध्ये न बोलता ऐका. सातव्या दिवशी ठरवा: या घराची गोष्ट तिची म्हणून सांगायची, तर ती कुठून सुरू होईल?

बहुतेक ती तुम्हाला वाटते त्याच्या खूप आधीपासून सुरू होईल. तिच्या माहेरापासून, तिच्या शाळेच्या शेवटच्या दिवसापासून, एखाद्या दुष्काळापासून. त्यात तुम्ही असाल, पण मधे कुठंतरी, आणि शेजारी.

एवढं दिसलं की पुढचं काम सोपं आहे. ज्याच्या नावावर जमीन आहे, त्यानं आठव्या दिवशी तिच्या आधार कार्डाची प्रत आणि सातबारा घेऊन तलाठ्याकडं जावं आणि तिचं नाव लावण्याचा अर्ज द्यावा. ज्याच्या नावावर जमीन नाही, त्यानं बँकेतलं खातं, घराचा उतारा, मुलांच्या शाळेतला पालकाचा रकाना, जिथं कुठं तिचं नाव असायला हवं आणि नाही, ती जागा शोधावी आणि ते तिथं लिहावं.